भरलेला हंडा: केरळातले सात दिवस

आई सिनेमा बघताना बाईच्या हाताकडं बघते. पडद्यावरची बाई डोक्यावर हंडा घेऊन चालली असेल, तर तो भरलेला आहे की रिकामा, हे तिला पहिल्या दोन पावलांत कळतं. भरलेल्या हंड्याखाली मान ताठ होते आणि पाऊल जपून पडतं. वळायचं झालं तर बाई नुसती मान वळवत नाही, सगळं अंग वळवते. हंडा रिकामा असला की आई एवढंच म्हणते, "रिकामा हाय," आणि उठून आपल्या कामाला लागते. विट्याजवळच्या आमच्या गावात तिनं पंचवीस वर्षं आडाचं पाणी वाहिलेलं आहे.

२०२१ साली घरात अडकून पडलो होतो, तेव्हा मी तिला मल्याळम सिनेमे दाखवायला सुरुवात केली. भाषा आम्हा दोघींनाही येत नाही. खाली येणारं इंग्रजी मी वाचायचं आणि तिला मराठीत सांगायचं, असं चालायचं. त्या सिनेमांना ती कधी मध्येच उठली नाही. तेव्हापासून ही माणसं राहतात तो मुलूख बघायचं आमच्या मनात होतं. या डिसेंबरात आठवड्याची रजा काढली आणि मिरजेहून कोकण रेल्वेच्या वाटेनं निघालो.

पहिला दिवस: त्रिशूर

त्रिशूरला उतरायचं कारण माझा मामेभाऊ. दादा तिथं बावीस वर्षं गलाईचं दुकान चालवतो. खानापूर, आटपाडी, तासगाव या आमच्या दुष्काळी भागातली माणसं पिढ्यान्‌पिढ्या देशभर सोनं गाळायला गेली, हे आपल्याकडं ठाऊकच आहे. त्रिशूर म्हणजे दागिने घडवण्याची मोठी पेठ, तेव्हा आमची माणसं तिथं असणारच. एका अरुंद गल्लीत दादाची खोली आहे. भट्टी, मुशी, तेजाबाच्या बाटल्या आणि छताला एक काळवंडलेला पंखा. कारागीर जुना मोडलेला डाग घेऊन येतो, दादा तो गाळून, तेजाबात घालून चांदी-तांबं वेगळं काढतो आणि शुद्ध सोन्याची लगड त्याच्या हातात ठेवतो. हे करता करता तो मल्याळममध्ये असं बोलतो, की त्याच गल्लीत जन्मल्यासारखा वाटावा. त्याची मुलं तर आपसात भांडतातही मल्याळममध्येच.

दादाच्या दुकानात बसूनच मला 'पोन्मान' नीट कळला. २०२५ चा हा सिनेमा कोल्लमच्या किनाऱ्यावर घडतो. मुलीचं लग्न ठरलंय, हुंडा म्हणून सोनं द्यायचंय आणि घरात पैसा नाही. अशा घरांना सोनं आगाऊ देणारा एक माणूस आहे. लग्नात आहेर म्हणून जी रोकड जमेल त्यातून त्याचे पैसे फेडायचे, असा सौदा. रोकड कमी पडते आणि सोनं तर नवरीच्या अंगावर सासरी गेलेलं असतं. सगळा सिनेमा त्या उरलेल्या सोन्याच्या मागं धावतो. हुंडाबंदीचा कायदा १९६१ चा आहे. सिनेमात त्याच्यावर कुणी भाषण करत नाही. तो फक्त पवन मोजतो. एक पवन म्हणजे आठ ग्रॅम; केरळात सोनं तोळ्यात नव्हे, पवनात मोजतात.

मी दादाला विचारलं, असं खरंच होतं का? त्यानं मुशीवरची नजर काढली नाही. म्हणाला, "ताई, जुनं सोनं मोडायला येतं म्हणतात, पण निम्मं जुनं नसतंच. वर्षाच्या आतलं हार असत्यात. झिजल्यालं नसतं, घासल्यालं नसतं. बाईनं दोनदा तरी घातलं असंल का, असं वाटतं." झीज बघून तो सांगू शकतो, की दागिना किती दिवस अंगावर होता. हे ज्ञान त्याला कुठल्या पुस्तकातून मिळालेलं नाही आणि 'पोन्मान' लिहिणाऱ्यांनाही ते अशाच एखाद्या खोलीत बसल्याशिवाय मिळालं नसणार.

संध्याकाळी वडक्कुन्नाथन मंदिराला वळसा घालणाऱ्या स्वराज राउंडवरून चाललो. चौकाचौकात सराफी पेढ्यांचे फलक, प्रत्येकावर नखशिखान्त सोन्यानं मढलेली नवरी आणि शेजारी एखादा मोठा नट. हुंड्याच्या सोन्यावर इतका सच्चा सिनेमा करणारा उद्योग आणि त्याच सोन्याच्या जाहिराती एकाच रस्त्यावर आहेत. मला ते टोचलं, म्हणून नोंदवून ठेवते.

दुसरा दिवस: नाट्टिका आणि चावक्काड

नाट्टिकाचा किनारा त्रिशूरहून तासाभरावर आहे. १९६५ चा 'चेम्मीन' इथं चित्रित झाला. तकळी शिवशंकर पिळ्ळै यांची कादंबरी १९५६ ची, तिची गोष्ट मात्र दक्षिणेकडं आलप्पुळ्याजवळच्या पुरक्काड किनाऱ्यावरची. रामू करिआट यांच्या या सिनेमाला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. दक्षिणेतल्या सिनेमाला ते पहिल्यांदाच मिळत होतं. संगीत सलील चौधरींचं, संकलन हृषीकेश मुखर्जींचं, आणि मन्ना डेंनी एक मल्याळम गाणं असं गायलंय, की ते आजही तिथल्या बसमध्ये ऐकू येतं. आम्ही आलो त्याच बसमध्ये ते लागलं. मुंबईत काम करणारी ही बंगाली माणसं मल्याळी कोळ्यांच्या गोष्टीत इतकी मिसळून गेली, याचं मला फार अप्रूप वाटतं.

गोष्ट करुत्तम्मा या कोळ्याच्या मुलीची. समुद्रावर गेलेल्या नवऱ्याचा जीव घरातल्या बायकोच्या पावित्र्यावर अवलंबून असतो, ती चुकली तर कडलम्मा, म्हणजे समुद्रमाता, त्याला गिळते, अशी समजूत. आज तो सिनेमा बघताना मला प्रेमकथेपेक्षा तिचा बाप चेंबनकुंजू जास्त दिसतो. होडी आणि जाळ्यासाठी तो परीकुट्टी या तरुण मुसलमान व्यापाऱ्याकडून पैसे घेतो, मासळी त्यालाच देईन म्हणतो आणि शब्द मोडतो. सगळं शील-अशील बायकांच्या खात्यावर आणि बापानं बुडवलेल्या कर्जाचं पाप कुठंच नाही, हे सिनेमा ओरडून सांगत नसला तरी दाखवतो. मात्र शेवटी त्या समजुतीप्रमाणंच सगळं घडतं. समुद्र नवऱ्याला घेतो, आणि करुत्तम्मा व परीकुट्टी किनाऱ्यावर मरून पडलेली दिसतात. तिथं मला हा सिनेमा आपल्याच धाडसापासून मागं सरल्यासारखा वाटतो.

किनाऱ्यावर फायबरच्या होड्या ओढून ठेवलेल्या होत्या. एक बाई अल्युमिनियमच्या टोपात मत्ती, म्हणजे आपले तारले, भरत होती. आई तिच्याजवळ जाऊन उभी राहिली. दोघींना एकमेकींची भाषा येत नाही. टोप उचलायची वेळ आली तेव्हा आईनं दुसऱ्या बाजूनं हात लावला आणि तो तिच्या डोक्यावर ठेवून दिला. ती बाई हसली आणि झपाझप निघून गेली. नंतर आई म्हणाली, "पंधरा किलो तरी असंल."

२०१८ च्या ऑगस्टमधल्या महापुरात याच किनाऱ्यावरचे कोळी आपल्या होड्या ट्रकवर चढवून आतल्या गावांत गेले आणि त्यांनी हजारो माणसं छतांवरून उतरवली. त्यावरचा '2018' हा सिनेमा २०२३ साली आला. करुत्तम्माच्या काळात मासळीच्या वासावरून ज्यांना दूर ठेवत, त्यांच्या होडीत पाय ठेवायला सगळी गावं उभी होती.

दुपारनंतर दादा आम्हाला चावक्काडला घेऊन गेला. इथली घरं बघितली की आखाती पैसा म्हणजे काय ते दिसतं. मोठे खांब, रंगीत काच आणि अर्ध्याहून जास्त खिडक्या बंद. 'पत्तेमारी' (२०१५) या सिनेमातला नारायणन सुरुवातीच्या काळात लाकडी गलबतातून चोरून आखातात गेलेला. पन्नास वर्षं तो तिथं राबतो, सुट्टीला येतो तेव्हा पाहुणा असतो, आणि घर बांधून झालं तरी त्या घरात त्याला राहता येत नाही. गलबताचा हा शब्द आपल्या कोकणच्या खलाशांच्या तोंडीही आहे: पतेमारी. आई म्हणाली, ही गलाईवाल्यांचीच गोष्ट. खरंय. विट्याच्या आसपास अशी पुष्कळ घरं आहेत, गावातली सगळ्यांत देखणी आणि कुलूपबंद.

तिसरा दिवस: स्वयंपाकघर

आज कुठंच गेलो नाही. वहिनीच्या शेजारच्या अम्मांनी आईला स्वयंपाक दाखवायला बोलावलं आणि सकाळपासून आम्ही त्यांच्या घरात होतो.

लाल, जाड मट्टा तांदूळ चुलीवर मोकळ्या पाण्यात शिजत होता. आईनं शीत दाबून बघितलं आणि अजून वेळ लागेल म्हणून मान हलवली. अम्मांनीही तशीच हलवली. मातीच्या भांड्यात माशाचं कालवण, त्यात कुडमपुळी. ती आपल्या कोकमाची चुलत बहीण. काळी, धुरावलेली, जास्त आंबट. ओलं खोबरं खवायला बसायची खवणी आपल्या विळीसारखीच, फक्त तिला पातं नाही.

'द ग्रेट इंडियन किचन' आम्ही दोघींनी एकत्र बघितला होता. जो बेबी यांचा हा सिनेमा १५ जानेवारी २०२१ ला एका छोट्या मल्याळम ओटीटीवर आला, कारण बड्या ठिकाणांनी तो आधी घेतला नव्हता. नंतर त्याला केरळ सरकारचा २०२० सालचा सर्वोत्तम चित्रपटाचा पुरस्कार मिळाला. त्यात कुणी सुनेला मारत नाही, जाळत नाही. सासरा अगदी मृदू आवाजात सांगतो, की भात कुकरमध्ये नको, चुलीवरचा बरा. कपडे मशीनमध्ये नकोत, हातानं धुतलेले बरे. जेवण झाल्यावर पुरुष चघळलेल्या शेंगा टेबलावरच टाकून उठतात आणि बायका त्याच टेबलावर बसून जेवतात. बेसिनखालचा पाइप गळतोय, नवऱ्याला दहादा सांगितलंय, तो प्लंबर बोलवत नाही. त्या गळक्या पाइपाचं पाणी सिनेमाभर साठत जातं. मागं शबरीमला मंदिरात सगळ्या वयाच्या बायकांना प्रवेश देणाऱ्या २०१८ च्या निकालाचं वातावरण आहे, आणि घरात पाळीच्या दिवसांत सुनेला वेगळ्या खोलीत बसवलेलं आहे.

त्या रात्री सिनेमा संपल्यावर आई बराच वेळ काही बोलली नव्हती. मग म्हणाली होती, "तुझ्या वडलांस्नी मिक्सरमधली चटणी चालायची न्हाई. पाट्यावरचीच लागायची. मला वाटायचं, त्यांस्नी चव कळती." वडील जाऊन तेव्हा सहा वर्षं झाली होती. ते वाईट नव्हते. मला सायकलवर डबल सीट घेऊन शाळेत सोडायचे. पण पाटा-वरवंट्यानं आईचा उजवा खांदा कायमचा गेला, हे मला तो सिनेमा बघेपर्यंत जोडून लक्षात आलं नव्हतं.

मी अम्मांना वहिनीकरवी विचारलं, तुम्ही तो सिनेमा बघितलात का? त्या काही क्षण थांबल्या. त्यांनी सांगितलं की सुनेनं मोबाइलवर लावून दिला होता, आणि अर्ध्यातच त्यांनी तो बंद केला, कारण बघवेना. "मी चाळीस वर्षं तेच केलंय. ते बघायला वेळ कशाला घालवू?" मग म्हणाल्या, दुसऱ्या दिवसापासून मुलगा आपलं ताट स्वतः उचलायला लागला. पंधरा दिवस उचललं. आता कधी उचलतो, कधी नाही.

हे त्यांनी हसू न आणता सांगितलं, आणि मला ते कुठल्याही समीक्षेपेक्षा खरं वाटलं. सिनेमानं घर बदलतं असं मी म्हणणार नाही. पण त्या घरात आता ताट उचललं नाही की ते सगळ्यांना दिसतं.

चौथा दिवस: कुम्बळंगी आणि चेल्लानम

पहाटेच्या गाडीनं एर्नाकुलम, तिथून बसनं कुम्बळंगी. कोचीला लागून असलेलं हे बेट पर्यटनाचं आदर्श गाव म्हणून सरकारनं पूर्वीच निवडलं होतं. २०१९ च्या 'कुम्बळंगी नाइट्स'नंतर लोक ते घर शोधत येऊ लागले. ते घर सिनेमापुरतं उभारलेलं होतं. तरी वाट दाखवणारा मुलगा आम्हाला पाण्याकडेच्या एका मोकळ्या जागेपाशी घेऊन गेला. चिनी जाळी, उथळ पाणी, कडेला खारफुटी. इथली शेती पोक्काळीची: पावसाळ्यात वाढणारा, खारं पाणी सोसणारा भात, आणि कापणी झाली की त्याच शेतात कोळंबी. डिसेंबर म्हणजे कोळंबीचे दिवस. रात्री पाणी निळं उजळतं त्याला इथं 'कवरु' म्हणतात. तो उन्हाळ्यात येतो, आत्ता नाही, असं त्या मुलानं आधीच सांगून टाकलं.

मधू सी. नारायणन यांचं दिग्दर्शन, श्याम पुष्करन यांचं लेखन. एका घरात चार भाऊ आहेत, दारं नाहीत, बाई नाही. गावानं नकोशी कुत्री-मांजरं आणून सोडायची ती ही जागा. दुसरं घर मात्र नीटनेटकं आहे. तिथं नवा जावई शम्मी येतो आणि हळूहळू सगळ्या घराचा मालक होतो. अगदी सुरुवातीला तो न्हाणीघराच्या आरशात स्वतःला बघतो आणि आरशावर चिकटवलेली बायकोची टिकली ब्लेडनं खरवडून काढतो. एवढंच. पण पुढं काय होणार ते तिथंच कळतं. जेवायच्या टेबलाच्या डोक्याची खुर्ची, बायकांशी बोलताना चढणारा नको इतका गोड आवाज, भिंतीपलीकडचं चोरून ऐकणं. हा माणूस आपल्याही ओळखीचा आहे. आपल्याकडं त्याला बरेचदा 'कर्ता पुरुष' म्हणतात.

मला मात्र या सिनेमातला थोरला भाऊ साजी सगळ्यांत जवळचा वाटतो. त्याच्यामुळं मित्राचा जीव जातो, आणि त्याला रडूच येईनासं होतं. मिशा असलेला, दारू पिणारा, पोटापुरतंही न कमावणारा हा माणूस धाकट्या भावाला म्हणतो, मला डॉक्टरकडं घेऊन चल. डॉक्टरांच्या खोलीत तो रडतो. आपल्या गावात शेतकरी गळफास घेतात, पण मला रडू येत नाही, डॉक्टरकडं न्या, असं म्हणताना मी एकाही पुरुषाला ऐकलेलं नाही. हा प्रसंग मी माझ्या भावाला तीनदा दाखवला आहे.

तिथून पश्चिमेला समुद्राची पट्टी लागते: चेल्लानम. 'ई.म.यौ' (२०१८) इथला. लॅटिन कॅथलिक कोळी वस्तीत म्हातारा वावच्चन मुलाला म्हणतो, माझा अंत्यविधी वाजतगाजत कर. मुलगा हो म्हणतो आणि बाप त्याच रात्री जातो. मग शवपेटी, बँड, सगळ्यासाठी उसनवारी, पाऊस, शेजाऱ्यांची कुजबुज आणि मृत्यूविषयी संशय घेणारा पाद्री. शेवटी मुलगा आपल्याच अंगणात खड्डा खणतो. लिजो जोस पेल्लिश्शेरींचा हा सिनेमा आईला बघवला नव्हता, कारण माझ्या आजोबांच्या तेराव्याला आमच्या घरानं काढलेलं कर्ज आठ वर्षं फिटत होतं.

चेल्लानमला आता सात किलोमीटरांहून लांब अशी काँक्रीटच्या टेट्रापॉडची भिंत आहे. दरवर्षी पावसाळ्यात समुद्र घरात शिरायचा. भिंत जिथं संपते तिथून पुढच्या घरांची जोती अजून वाळूनं भरलेली दिसली. एका अंगणात क्रूस होता आणि त्याला भरतीच्या पाण्याचा डाग. तो फोटो मी काढला नाही.

पाचवा दिवस: इडुक्की

बस मूवाट्टुपुळा, तोडुपुळा अशी वर चढत गेली. रबराच्या बागा, अंगणातल्या दोऱ्यांवर कपड्यांसारखे वाळत घातलेले रबराचे ताव, मग मिरीचे वेल, मग वेलदोडा. विसाव्या शतकाच्या मध्याला खालच्या गावांतली ख्रिस्ती शेतकरी कुटुंबं जंगल तोडत इथं वर आली. कुरवन आणि कुरत्ती या दोन डोंगरांमधलं कमानीचं धरण, उंची १६८ मीटरांच्यावर, १९७६ साली सुरू झालेलं. बसमधला प्रत्येक माणूस त्या वळणावर खिडकीकडं झुकला, रोजचे प्रवासीसुद्धा.

'महेशिन्टे प्रतिकारम' (२०१६) इथल्या प्रकाश नावाच्या छोट्या गावात घडतो. वडिलांकडून आलेला फोटो स्टुडिओ चालवणारा महेश भर चौकात मार खातो, लुंगी सुटते, आणि तो शपथ घेतो, की परत मारल्याशिवाय पायात चप्पल घालणार नाही. सूडाचा सिनेमा म्हणून गाजलेला हा सिनेमा खरं तर चप्पल न घालता रोजचं आयुष्य जगण्याचा आहे. त्या दगडी चढावर अनवाणी चालणं काय असतं हे तो चौक बघितल्यावर कळलं. चौकात चार दुकानं, एक चहाची टपरी, एक प्रार्थनास्थळ. भांडण झालं तर कुणालाही तोंड लपवता येणार नाही इतकी जागा. महेश लोकांच्या मयतीचे फोटो काढतो, पासपोर्टचे काढतो, पण फोटो म्हणजे काय हे त्याला बापाकडून फार उशिरा कळतं.

चहाच्या टपरीवर कप्पा, म्हणजे उकडलेला कंद, आणि मिरचीचा ठेचा मिळाला. आईला ते इतकं आवडलं, की त्या दिवशी आम्ही दुसरं काहीच जेवलो नाही.

सहावा दिवस

दिवस प्रवासात गेला. कट्टप्पना ते कोट्टयम बस, पुढं रेल्वे. आईचे पाय सुजले होते. रात्री तिरुवनंतपुरमला पोहोचलो.

सातवा दिवस: तिरुवनंतपुरम

दर डिसेंबरात इथं केरळचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरतो. तो १९९६ साली सुरू झाला. आमचे दोघींचे पास मी आधीच काढले होते. सकाळी तंपानूरच्या बसस्टँडशेजारच्या इंडियन कॉफी हाउसमध्ये नाश्ता केला. लॉरी बेकर यांनी विटांची गोल, वर चढत जाणारी ही इमारत बांधली. मधे खांब आणि भोवती घाटासारखी चढण, तिच्या कडेला टेबलं. पगडी घातलेल्या वाढप्यांची ही सहकारी संस्था आहे, कामगारांचीच.

शेजारच्या टेबलावर महोत्सवाचीच दोन मुलं होती. आम्ही सांगलीकडच्या आहोत म्हटल्यावर इंग्रजी-हिंदीत गप्पा सुरू झाल्या. तुमचे सिनेमे इतके घरातले कसे, असं मी विचारलं. एकानं ग्रंथालयांपासून सुरुवात केली: गावोगावची वाचनालयं, तिथली नाटकं, मग १९६५ साली दिग्दर्शक अडूर गोपालकृष्णन आणि मित्रांनी याच शहरात सुरू केलेली चित्रलेखा फिल्म सोसायटी, मग खेड्यांत पडदा लावून दाखवलेले जगभरचे सिनेमे. दुसरा म्हणाला, मद्रासच्या स्टुडिओतून बाहेर पडलो म्हणून. १९७० चा 'ओळवुम तीरवुम' सगळा बाहेर, खऱ्या नदीकाठी चित्रित झाला. त्यानंतर खोटं अंगण लोकांना खपेना. १९८६ साली मल्याळम दिग्दर्शक जॉन अब्राहम (हिंदीतला नट नव्हे) यांनी लोकांकडून वर्गणी गोळा करून 'अम्मा अरियान' केला, हेही त्यांनीच सांगितलं. सिनेमासाठी गावोगाव वर्गणी काढणं मला यात्रेच्या वर्गणीसारखं वाटलं, आणि म्हणूनच फार मोठं वाटलं.

मग मी रोझीचं नाव काढलं, कारण या शहरात येऊन ते न घेणं मला जमलं नसतं. पी. के. रोझी, मल्याळम सिनेमाची पहिली नायिका. जे. सी. डॅनियल यांच्या 'विगतकुमारन' या मूकपटात तिनं नायर मुलीचं काम केलं. ती दलित होती, गवत कापून पोट भरणारी, लोकनाट्यात काम करणारी. इथल्या कॅपिटल थिएटरात पहिला खेळ झाला तेव्हा तिला आत बोलावलं नव्हतं. नायक तिच्या केसांतलं फूल काढतो त्या दृश्यावर प्रेक्षक खवळले, दगड पडले. तिचं झोपडं जाळलं गेलं आणि एका ट्रकमधून ती तमिळ मुलुखात पळाली. पुन्हा कधी पडद्यावर आली नाही. त्या सिनेमाची एकही प्रत उरलेली नाही. तिचा खात्रीचा फोटोही नाही. जमीन विकून सिनेमा करणारे डॅनियल कंगाल झाले आणि १९७५ साली वारले. आज राज्याचा सिनेमातला सर्वोच्च सन्मान त्यांच्या नावानं दिला जातो.

आपल्याकडं फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये १९१३ साली दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या. त्यांनाही बोलणी कमी खावी लागली नाहीत, पण त्यांचं नाव आणि चेहरा उरला. रोझीचा तर चेहराही ठेवला नाही.

ही गोष्ट जुनी म्हणून बाजूला सारता येत नाही. फेब्रुवारी २०१७ मध्ये एका अभिनेत्रीवर चालत्या गाडीत अत्याचार झाला. त्यानंतर सिनेमातल्या बायकांनी एकत्र येऊन डब्ल्यूसीसी (विमेन इन सिनेमा कलेक्टिव्ह) ही संघटना उभी केली आणि त्यांच्या मागणीवरून सरकारनं न्यायमूर्ती हेमा यांची समिती नेमली. अहवाल २०१९ च्या अखेरीस सादर झाला आणि लोकांसमोर आला ऑगस्ट २०२४ मध्ये, तोही काही भाग वगळून. पडद्यावर गळक्या पाइपापर्यंत बघणारी नजर आपल्याच सेटवर, कपडे बदलायच्या खोलीपर्यंत पोहोचायला इतकी वर्षं लागली. ते सिनेमे मला त्यामुळं खोटे वाटत नाहीत. पण ते बघताना आता मी पडद्यामागच्या बायकांचाही विचार करते. डब्ल्यूसीसीनं आपल्या फिल्म सोसायटीला रोझीचं नाव दिलं आहे, हे त्या मुलांनी अभिमानानं सांगितलं.

आईनं विचारलं, "तिला पोरंबाळं झाली का?" ती नागरकोविलकडं दुसऱ्या नावानं राहिली, संसार केला, असं सांगतात, हे मी तिला सांगितलं. आई म्हणाली, "बरं झालं." आणि कॉफी संपवली.

दुपारी कैरळी थिएटरपुढं रांग होती. कॉलेजची मुलं, निवृत्त शिक्षक, ऑफिसातून अर्धी रजा टाकून आलेल्या बायका. रांगेत पुढच्या मुलीनं आईला आपली पाण्याची बाटली दिली आणि सांगली कुठं आहे ते विचारलं. मी म्हटलं, १८४३ साली मराठीतलं पहिलं नाटक जिथं झालं ते गाव, आणि तेव्हा सीतासुद्धा पुरुषच झाला होता. तिनं ते तिच्या मैत्रिणीला मल्याळममध्ये सांगितलं आणि पुढची दहा मिनिटं रांगेत त्यावरच चर्चा चालली.

आत गेलो तेव्हा खुर्च्या भरल्या होत्या. आईसाठी एका मुलानं जागा सोडली, मी तिच्या पायाशी पायरीवर बसले. सिनेमा कुठल्यातरी डोंगराळ देशातला होता. खाली इंग्रजी अक्षरं सुरू झाली. सगळं थिएटर गप्प, आता मोठ्यानं वाचून दाखवता येणार नव्हतं, म्हणून मी मान वर करून आईकडं बघितलं. पडद्यावर एक बाई बर्फातून बादली घेऊन घराकडं चालली होती, एका हातानं, दुसरा हात अंगापासून लांब धरलेला.

आई खाली वाकली आणि माझ्या कानाशी म्हणाली, "भरल्याली हाय."